आप्पांच्या पासबुकातले २,३५८ रुपये ८२ पैसे: हे कुठलं हॉस्पिटल?

शहापूरची_लेक | गुरुवार, ९ एप्रिल, रात्री ९:५०

नमस्कार मंडळी. बऱ्याच दिवसांनी धागा काढतेय, तोही रडगाण्याचा.

माझे वडील (आप्पा, वय ७३, निवृत्त शिक्षक) बेळगावच्या शहापुरात एकटेच असतात. मी टिळकवाडीत, स्कूटरवर दहा मिनिटं. आज त्यांचं पासबुक मशीनवर छापून आणलं, त्यात ५ तारखेला ही नोंद दिसली (इंग्रजी अक्षरं मराठीत लिहितेय, कंपनीचं नाव मुद्दाम गाळलंय):

एसीएच डी – ……… हेल्थ – ……… – २,३५८.८२

आप्पांना विचारलं तर म्हणाले, "मी कुठल्या दवाखान्याची पायरी चढलेलो नाही." हे ज्या घाईनं म्हणाले त्यानंच माझ्या पोटात गोळा आला. आईनंही शेवटपर्यंत काही सांगितलं नव्हतं. आप्पा आमच्या नकळत कुठं दाखवून आलेत का, काही मोठं निघालंय का, रात्रभर हेच डोक्यात फिरणार.

दुसरं असं की ५ तारखेला रविवार होता. बँक बंद, मग पैसे काढले कोणी?

बाकीच्या नोंदी ओळखीच्या आहेत. पेन्शन जमा, हेस्कॉमचं वीजबिल, गॅस, दूधवाला, ३५० रुपयांचं एक यूपीआय कुणातरी बाईंच्या नावानं (भाजीवाली असणार). हीच एक कळत नाही. कुणाला अनुभव?

येळ्ळूरचा_गडी | ९ एप्रिल, रात्री १०:०५

ताई, आधी कार्ड ब्लॉक करा. आमच्या गल्लीत एकाचे असेच गेले. ओटीपी सांगितला नव्हता म्हणतो, खरं सांगितला असणार. आता बायको रोज विचारूलालीय.

निपाणीकर_काका | ९ एप्रिल, रात्री १०:१२

सरकारी विम्याचे असतील. माझ्याही खात्यातून दरवर्षी जातात.

खानापूर_जांबोटी | ९ एप्रिल, रात्री १०:२०

काका, ते नव्हेत. जीवन ज्योतीचे ४३६ आणि सुरक्षा विम्याचे २०, तेही मे अखेरीला कापतात. यशस्विनीची (कर्नाटकची सहकारी आरोग्य योजना) वर्गणी सोसायटीत भरतात आणि ती शेकड्यातली गोल रक्कम असते. इथं तर पैसे लागलेत, ८२ पैसे. ताई, हे ८२ पैसे मला खटकतात.

पुण्यातला_बेळगावकर | ९ एप्रिल, रात्री १०:३१

महाराष्ट्रानं सीमाभागातल्या ८६५ गावांसाठी आरोग्य योजना लागू केली होती ना २०२३ मध्ये? त्याचा फॉर्म भरला होता का आप्पांनी? त्याचे तर नसतील?

खानापूर_जांबोटी | ९ एप्रिल, रात्री १०:३८

नाही हो. ती महात्मा फुले योजना, तिच्यात रुग्णाच्या खात्यातून पैसे जातच नाहीत, सरकार दवाखान्याला देतं. आणि कृपा करून या धाग्यावर सीमाप्रश्न नको, ताई आधीच घाबरल्यात.

काउंटरपलीकडचा | ९ एप्रिल, रात्री ११:१५

एकतीस वर्षं बँकेत काढली, त्यातली अकरा याच जिल्ह्यात. त्यामुळे थोडं सविस्तर लिहितो, चहा घेऊन बसा.

ताई, पहिल्यांदा काळजीचं. हे दवाखान्याचं बिल असण्याची शक्यता फार कमी आहे. कशावरून, ते सांगतो.

नोंद वाचताना लोक आधी नाव बघतात आणि तिथंच फसतात. नावात "हेल्थ" दिसलं की आपण स्ट्रेचर डोळ्यापुढे आणतो. नावाच्या आधी काय लिहिलंय ते बघायचं. कार्ड घासलं असतं तर "पीओएस" आलं असतं. मोबाइलवरून दिले असते तर "यूपीआय" आणि त्यासोबत बारा आकडी क्रमांक. तुमच्याकडे "एसीएच डी" आहे. म्हणजे नॅच, हप्ते आणि वर्गण्या आपोआप वळत्या करणारी यंत्रणा. त्यातला "डी" म्हणजे डेबिट. कुणी कार्ड चोरलं, पिन बघितला, असला प्रकार इथं नाही. आप्पांनी कधीतरी कुठंतरी "माझ्या खात्यातून कापून घ्या" अशी परवानगी दिलेली आहे. त्या परवानगीला मँडेट म्हणतात, आणि प्रत्येक मँडेटला वीस अक्षरी-आकडी यूएमआरएन क्रमांक असतो. दवाखान्यात जाऊन बिल भरलेल्या माणसाच्या खात्यावर "एसीएच डी" येत नाही.

रविवारचं कोडं सोपं आहे. पूर्वी नॅच बँकेच्या कामाच्या दिवशीच चालायचं. १ ऑगस्ट २०२१ पासून सुट्टीच्या दिवशीही चालतं. शटर बंद, पण मशीन जागं.

आता ते ८२ पैसे. खानापूरकरांना बरोबर खटकलं. कॅल्क्युलेटर घ्या. १,९९९ ला १८ टक्के म्हणजे ३५९.८२. बेरीज २,३५८.८२. तंतोतंत! म्हणजे कुणाची तरी "फक्त १,९९९" ची योजना अधिक जीएसटी. आणि डॉक्टरांच्या तपासणीवर, उपचारांवर, लॅबच्या चाचण्यांवर जीएसटी नसतो (दिवसाला ५,००० च्या वरची खोली घेतली तर खोलीभाड्यावर ५ टक्के, आयसीयू सोडून). उपचाराच्या बिलात १८ टक्के कुठून येणार? आरोग्य विमा म्हणाल, तर वैयक्तिक आणि कौटुंबिक पॉलिसीवरचा जीएसटीही २२ सप्टेंबर २०२५ पासून गेला, ग्रुप पॉलिसीला मात्र ती सूट नाही.

माझा अंदाज: हे "हेल्थ कार्ड", "हेल्थ पास", "वेलनेस मेंबरशिप" असलं काहीतरी आहे. आप्पांनी गेल्या दोनेक वर्षांत हप्त्यावर काही वस्तू घेतली होती का?

शहापूरची_लेक | ९ एप्रिल, रात्री ११:३२

काका!! फ्रिज! गेल्या वर्षीच्या गुढीपाडव्याला. जुना बंद पडला म्हणून खडेबाजारातून घेतला, आठ हप्ते, ३,२५० चा एक. डिसेंबरात संपलेसुद्धा. पण तो तर फ्रिज आहे, त्यात हेल्थ कुठून?

काउंटरपलीकडचा | ९ एप्रिल, रात्री ११:४४

फ्रिजसोबत कव्हर आणि स्टॅबिलायझर देतात, तसं हल्ली हेही देतात. दुकानात फायनान्सवाला पोरगा टॅब घेऊन बसलेला असतो. "काका, इथं सही, इथं ओटीपी, इथं अंगठा." त्यातल्या एका ओटीपीत योजना असते. पहिलं वर्ष फुकट, त्यामुळे पासबुकात खूण राहत नाही. वर्ष भरलं की आपोआप नूतनीकरण. तुमची तारीख बघा: पाडव्यानंतर वर्षानं.

मँडेटच्या फॉर्मवर एक "कमाल रक्कम" असते आणि किती वेळानं कापायचं याचा रकाना. हप्ता ३,२५० चा असला तरी कमाल रकमेत १०,००० किंवा जास्त भरून घेतात, आणि रकान्यात "मागणी येईल तेव्हा". हप्ते संपले म्हणजे मँडेट संपलं असं नाही. कर्ज फिटलं की नो ड्यूज सर्टिफिकेट घ्यायचं आणि मँडेट वेगळं रद्द करून घ्यायचं. हे दुकानात कुणी सांगत नाही. खरं सांगायचं तर काउंटरवर आम्हीही कुणाला आपणहून सांगितलं नाही.

चिकोडी_मेडिकल | शुक्रवार, १० एप्रिल, सकाळी ७:२०

आमच्या बाजूनंही लिहितो. माझं औषधांचं दुकान आहे. बोर्डावर एक नाव, पण स्वाइप मशीन घेतलं तेव्हा खातं वडिलांच्या जुन्या फर्मचं होतं, त्यामुळे गिऱ्हाइकाच्या स्टेटमेंटवर "ट्रेडर्स" येतं. एकदा एका बाईंनी नवऱ्याला धारेवर धरलं, कसले ट्रेडर्स म्हणून. तो बिचारा मधुमेहाच्या गोळ्या घेऊन गेला होता! शेवटी दोघं दुकानात आले, मी बिलबुक दाखवलं.

लॅबचंही तसंच. रक्त घेणारा मुलगा निपाणीचा, पैसे जातात कंपनीच्या खात्यावर आणि गाव दिसतं बेंगळुरू. मोठ्या हॉस्पिटलात आतलं औषधदुकान, स्कॅन सेंटर वेगवेगळ्या मालकांची असतात, एका दिवसात तीन नावं येतात. आणि लहान दवाखान्यात क्यूआर कोड डॉक्टरांच्या नाहीतर त्यांच्या बायकोच्या नावावर असतो. सगळेच लबाड नसतात, कागदपत्रांचा आळस असतो.

कंग्राळीचा_भाऊ | १० एप्रिल, सकाळी ८:०२

हॉस्पिटलच्या पेमेंटची आणखी एक गंमत. मामाला ॲडमिट करताना २०,००० डिपॉझिट यूपीआयनं दिलं. फेल दाखवलं, पुन्हा दिलं, दोन्ही कापले. काउंटरवरची बाई म्हणते आमच्याकडे एकच आलं. मामा आत, मी बाहेर भांडतोय. चौथ्या दिवशी पहिले २०,००० आपसूक परत आले. नंतर कळलं की दुकानदाराला किंवा संस्थेला केलेलं यूपीआय असं अडकलं तर पाच दिवसांत उलट जमा व्हायला पाहिजे, नाहीतर पुढं दिवसाला १०० रुपये भरपाई. रिझर्व्ह बँकेचा २०१९ चा नियम आहे. म्हणून कापल्या कापल्या भांडू नये. मामा बरे आहेत.

[प्रतिसाद काढून टाकला आहे – संपादक]

संपादक | १० एप्रिल, सकाळी ९:१०

वरच्या प्रतिसादात "रिफंड हेल्पलाइन" म्हणून मोबाइल नंबर दिला होता. तो सदस्य कालच दाखल झालाय. असा नंबर कुणीही दिला तरी लावू नका. कंपनीचा नंबर गुगलवर शोधून लावू नका, स्वतःच्या करारावरून किंवा पावतीवरून घ्या. पैसे खरोखर फसवणुकीनं गेले असतील तर १९३० ही सायबर हेल्पलाइन.

शहापूरची_लेक | १० एप्रिल, दुपारी ३:४०

बँकेत जाऊन आले. काउंटरवरच्या मुलीला मराठी येत नाही, माझं कन्नड भाजी आणण्यापुरतं. तिनं स्क्रीन बघितली, माझ्याकडे बघितलं आणि म्हणाली, "नाळे बन्नी" (उद्या या). उद्या दुसरा शनिवार!! तिलाही लक्षात आलं, दोघी हसलो. मग तिनंच मॅनेजरांकडे नेलं. माणूस चांगला निघाला.

काकांचा अंदाज शंभर टक्के. मँडेट फायनान्स कंपनीच्या नावे, कमाल रक्कम १०,०००, "मागणी येईल तेव्हा". त्यांनी यूएमआरएन लिहून दिला. पण मॅनेजर म्हणतात, "सही आहे, आम्ही काय करणार? पैसे कंपनीकडे मागा." आणि मँडेट रद्द करायलाही कंपनीचं पत्र आणा म्हणतात. हे बरोबर आहे का?

येळ्ळूरचा_गडी | १० एप्रिल, दुपारी ३:५५

खात्यात पैसेच ठेवू नका की! शून्य करून टाका, काय कापतात बघू.

काउंटरपलीकडचा | १० एप्रिल, संध्याकाळी ५:३०

गड्या, तसं करू नकोस आणि कुणाला सांगूही नकोस. मागणी आली आणि शिल्लक नसली की मँडेट परत जातं, बँक त्याचा दंड लावते आणि त्या दंडावर पुन्हा १८ टक्के जीएसटी. पेन्शनच्या खात्यात तर नकोच.

ताई, दोन गोष्टी वेगळ्या करा.

पुढचं कापणं थांबवणं हे बँकेचं काम. खातं आप्पांचं, परवानगी आप्पांची, ती मागं घेण्याचा हक्कही त्यांचाच. साध्या कागदावर अर्ज: खाते क्रमांक, यूएमआरएन, "हे मँडेट रद्द करावे", आप्पांची सही. दोन प्रती न्या, एकीवर शिक्का आणि तारीख घेऊन या. तोंडी बोललेलं बँकेत हवेत जातं, शिक्का पडला की माणसं कामाला लागतात. कर्ज चालू असतं तर मी रद्द करू नका म्हणालो असतो, हप्ता चुकला की आणखी फास. तुमचं फिटलंय.

गेलेले पैसे मागणं हे कंपनीकडे. इथं मॅनेजरांचं थोडं बरोबर आहे. रिझर्व्ह बँकेचं ६ जुलै २०१७ चं परिपत्रक सगळे सांगतात: चूक ना तुमची ना बँकेची, तिसऱ्याच ठिकाणची असेल आणि तीन कामकाजाच्या दिवसांत कळवलं तर तुमची जबाबदारी शून्य, चार ते सात दिवसांत कळवलं तर साध्या बचत खात्याला जास्तीत जास्त १०,००० पर्यंत. पण ते *अनधिकृत* व्यवहारासाठी. सही घेतलेलं मँडेट त्यात सहज बसत नाही. तुमचा मुद्दा वेगळा ठेवा: योजना काय आहे हे ग्राहकाला समजेल अशा भाषेत सांगितलं नाही, फुकट म्हणून दिली, नूतनीकरणाआधी स्पष्ट विचारलं नाही, आणि वर्षभरात एकदाही वापरलेली नाही. कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याला लेखी ईमेल करा. संमतीचा पुरावा मागा. तीस दिवसांत उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे. बऱ्याच बिगरबँक फायनान्स कंपन्याही त्यात येतात, फी नाही.

पुण्यातला_बेळगावकर | १० एप्रिल, संध्याकाळी ६:१०

"समजेल अशा भाषेत" हेच तर! टॅबवरचा फॉर्म इंग्रजीत, एसएमएस इंग्रजीत, बँकेतली पाटी कन्नडमध्ये. मराठी शाळेत आयुष्य घालवलेल्या माणसानं वाचायचं काय?

खानापूर_जांबोटी | १० एप्रिल, संध्याकाळी ६:२५

दादा, मुद्दा मान्य. पण माझा शेजारी कन्नडिग आहे, त्यालाही त्याच दुकानदारीत टीव्हीसोबत असंच कार्ड चिकटवलंय, आणि त्याच्या फोनवरचा फॉर्म कन्नडमध्ये होता. त्यानंही वाचला नाही.

शहापूरची_लेक | सोमवार, १३ एप्रिल, दुपारी १:१५

अर्ज दिला, शिक्का घेतला. मॅनेजर म्हणाले उद्या आंबेडकर जयंतीची सुट्टी, बुधवारपर्यंत रद्द होईल. कंपनीचं पत्र लागलं नाही. कंपनीला ईमेलही केली, मजकूर काकांनी वर लिहिलाय तोच.

आप्पांशी सविस्तर बोलले. टॅबवर काय लिहिलं होतं विचारलं, तर म्हणाले, "अक्षरं दिसतच नव्हती, पोरगा वाचून सांगत होता." मी चिडले, म्हटलं, मुख्याध्यापक होतात ना, दुसऱ्याच्या सांगण्यावर सह्या करता? ते गप्प बसले. आता वाईट वाटतंय.

चिकोडी_मेडिकल | १३ एप्रिल, दुपारी २:००

ताई, रागावू नका म्हणून नव्हे, पण एक विचारतो. ते ३५० रुपये भाजीवालीचे आहेत याची खात्री केलीत का? ३५० ची भाजी एकटा माणूस घेत नाही. आमच्याकडे तेवढी साधारण तपासणीची फी असते.

शहापूरची_लेक | १३ एप्रिल, रात्री ९:२०

दादा, तुमचा प्रतिसाद वाचून सरळ शहापूर गाठलं.

भाजीवाली नाही. डोळ्यांच्या डॉक्टरीणबाई आहेत. आप्पा मार्चात एकटेच जाऊन आले. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, डावा बराच पिकलाय. रात्री दिव्याभोवती कडी दिसतात, पेपरच्या ओळी एकमेकींत शिरतात, हे सगळं दीड वर्षापासून. म्हणजे फ्रिज घेतला त्याच्याही आधीपासून. "तुला ऑफिस, पोराची दहावी, म्हणून नाही सांगितलं."

आणि मी विचारलं, पायरी चढलो नाही म्हणालात ते? तर म्हणे, "खरंच चढलो नाही. दवाखाना तळमजल्यावर आहे."

काउंटरपलीकडचा | १३ एप्रिल, रात्री ९:४१

मास्तर शेवटी मास्तर.

कंग्राळीचा_भाऊ | १३ एप्रिल, रात्री ९:५०

😀 मोतीबिंदूचं टेन्शन घेऊ नका ताई. आमच्या आजीचं झालं, सकाळी गेली, दुपारी घरी. लेन्स कुठली घालणार त्यावर खर्च ठरतो, ते आधी लिहून घ्या.

शहापूरची_लेक | शनिवार, २५ एप्रिल, सकाळी ११:०५

अपडेट. मँडेट रद्द झाल्याचा एसएमएस आला होता. कंपनीनं आधी "संमती ओटीपीद्वारे नोंदली आहे" असं छापील उत्तर पाठवलं. मी परत लिहिलं: त्या दिवशी ग्राहकाला स्क्रीन दिसत नव्हती, डॉक्टरांचा कागद जोडते आहे, आणि तीस दिवसांनी लोकपालाकडे जाणार. चौथ्या दिवशी पूर्ण २,३५८.८२ परत जमा. गंमत म्हणजे जमा झाले ते तिसऱ्याच कंपनीच्या नावानं. आप्पा पासबुक डोळ्यांजवळ धरून विचारतात, "आता हे कोण?"

डाव्या डोळ्याची तारीख ४ मे मिळालीय. काळा चष्मा आणि थेंबांचं वेळापत्रक तेवढं मला कुणीतरी सांगा, दिवसातून किती वेळा घालायला लागतात? मला ऑफिसात रजा त्या हिशेबानं टाकायचीय.

चिकोडी_मेडिकल | २५ एप्रिल, सकाळी ११:३०

थेंब डॉक्टर लिहून देतील तसेच, मनानं वाढवू-कमी करू नका. पण सुरुवातीला दिवसातून बऱ्याच वेळा असतात आणि नंतर आठवड्यागणिक कमी करत नेतात. पहिला आठवडा तरी रजा टाका. आणि दोन बाटल्या असतील तर मधे पाच मिनिटं जाऊ द्या, झाकणांवर स्केचपेननं मोठा आकडा घाला. आप्पांना दिसेल असा.